झारला लेनिनने पाडलं नाही

सोलापुरातल्या ग्रुपांवर सध्या एक छोटी कृष्णधवल क्लिप फिरतेय. खाली मजकूर असा: ‘ऑक्टोबर १९१७. लेनिनच्या लाल सैनिकांनी राजवाड्यावर चाल करून झारला गादीवरून ओढलं, त्याच रात्री सहकुटुंब गोळ्या घातल्या. ही खरी दृश्यं.’

ऑक्टोबरात झार, म्हणजे रशियाचा सम्राट, गादीवर नव्हताच. दुसऱ्या निकोलसने १५ मार्च १९१७ रोजी प्स्कोव्हला, रेल्वेच्या डब्यातच पदत्यागावर सही केली. दुसऱ्या दिवशी त्याच्या भावानेही मुकुट नाकारला आणि ३०४ वर्षांची रोमानोव्ह राजवट संपली. लेनिनच्या पक्षाने, म्हणजे बोल्शेविकांनी, नंतर उलथवलं ते झारनंतर आलेलं केरेन्स्कीचं हंगामी सरकार.

झारने गादी सोडली तेव्हा लेनिन झुरिचमध्ये होता. राजधानी पेट्रोग्राडला पोचला एप्रिलमध्ये.

मग झारला पाडलं कोणी? याचं उत्तर सोलापूरकरांना तरी ठाऊक असायलाच हवं. ८ मार्चला पेट्रोग्राडच्या व्हायबोर्ग भागातल्या कापड गिरण्यांतल्या बायका काम टाकून बाहेर पडल्या. पावासाठी रांगा लावून त्या थकल्या होत्या. संप करू नका, असं तिथल्या बोल्शेविक कार्यकर्त्यांनी आदल्या दिवशी बजावलं होतं. बायकांनी ऐकलं नाही. शेजारच्या कारखान्यांतल्या धातू कामगारांनाही त्यांनी बाहेर काढलं. चार दिवसांनी, १२ मार्चला, व्होलिन्स्की रेजिमेंटच्या सैनिकांनी लोकांवर पुन्हा गोळ्या झाडायला नकार देऊन बंड केलं. तिथून राजवट सावरलीच नाही. मे १९३० मध्ये आपले गिरणी कामगार रस्त्यावर उतरले, शहराने मार्शल लॉ सोसला. ते सगळं परगावच्या एखाद्या पुढाऱ्याने घडवलं, असं कोणी लिहिलं तर आपण खपवून घेऊ का?

हत्येचं म्हणाल तर ती खरी आहे, आणि मुलांनाही मारलं हे अक्षम्यच. पण ती झाली १६-१७ जुलै १९१८ च्या रात्री, दूर येकातेरिनबुर्गला.

राहिली दृश्यं. राजवाड्याच्या लोखंडी फाटकावर चढणारी ती गर्दी सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइनच्या ‘ऑक्टोबर’ या कथापटातली आहे. क्रांतीच्या दहाव्या वर्षदिनासाठी १९२७ मध्ये त्याचं चित्रीकरण झालं. त्याच वर्षी एस्फिर शुब या संकलक बाईने जुनी खरी रिळं धुंडाळून ‘रोमानोव्ह घराण्याचा अस्त’ हा माहितीपट जोडला. झारच्या काळातली खरी माणसं बघायची असतील तर तो शोधा. आणि ती क्लिप पुढे पाठवणारच असाल, तर खालचा मजकूर काढून टाका आणि त्या गिरणीवाल्या बायकांबद्दल लिहा.