हरित लवादात जाताय? मग हे वाचाच

गावाशेजारच्या डोंगरावरच्या खाणीला पर्यावरण मंजुरी मिळाली आणि तुम्हाला हरित लवादात दाद मागायचीय? अभिनंदन! आमचं अपील नुकतंच 'मुदतीबाहेर' म्हणून निकालात निघालंय, तेव्हा सल्ला द्यायला माझ्याइतका लायक माणूस शोधून सापडायचा नाही.

आधी दिवस मोजायला शिका. मंजुरी कळवली गेल्यापासून ३० दिवस, सबळ कारण असेल तर आणखी ६०. त्यानंतर २०१०च्या हरित लवाद कायद्याचं कलम १६ ओळखही दाखवत नाही. आणि 'कळवली' म्हणजे तुम्हाला कळली असं नव्हे हो! संकेतस्थळावर चढली, पेपरात आली, ग्रामपंचायतीच्या फलकावर लागली, यातलं जे आधी, तिथून मोजणी. म्हणून रोज तोंड धुवायच्या आत परिवेश पोर्टल, म्हणजे या मंजुऱ्या जिथे चढतात ते सरकारी संकेतस्थळ, उघडत जा. जिल्ह्यात निघणारे झाडून सगळे पेपर लावा, विशेषतः कुणीच न घेणारे, कारण जाहिरात तिथेच येते: निविदा सूचना आणि 'नावात बदल' यांच्या सांदीत. फलकावर घरपट्टीची नोटीस दिसली तर ती अलगद सोलून खाली काय आहे ते बघा.

जनसुनावणीला जरूर जा. चहा मिळतो.

इंग्रजी पक्कं करा, लवादाचं कामकाज त्याच भाषेत चालतं.

पर्यावरण आघात अहवाल वाचताना मन मोठं ठेवा. सल्लागार प्रकल्पवाल्याचा, बिलही तोच भरणार. रत्नागिरीतल्या एका बॉक्साइट खाणीच्या अहवालात रशियातल्या खाणीच्या अहवालाचे उतारे निघाले होते. तेव्हा तुमचा ओढा नाही सापडला तर रुसू नका.

एवढी यातायात नको असेल तर सरळ कंपनी काढा आणि मंजुरी न घेताच काम सुरू करा. उशिराची खरी माफी तिथे आहे. केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाच्या २०१७च्या अधिसूचनेने आधी काम, मग मंजुरी अशी सोय केली, २०२१च्या परिपत्रकाने तिची कार्यपद्धतीच आखून दिली. १६ मे २०२५ला 'वनशक्ती' या पर्यावरण संस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही रद्द केली. आम्ही पेढे वाटले. त्याच वर्षी १८ नोव्हेंबरला त्याच न्यायालयात दोन विरुद्ध एक मतांनी तो निकालच मागे घेतला गेला. का, तर बांधलेलं पाडलं तर हजारो कोटी वाया जातील! म्हणजे वर्षानुवर्षं बेकायदा काम करणाऱ्याची अडचण समजून घ्यायची आणि चार दिवस चुकलेल्या गावाला दाराबाहेर काढायचं?

आमचे दिवस कशात गेले ते सांगतो. मंजुरीची कागदपत्रं माहिती अधिकारात मागितली होती. कार्यालयाने ती मुदत टळल्यावर पाठवली, आणि त्याच कार्यालयाचा वकील लवादात म्हणतो, अर्जदार झोपले होते.

झोपलो नव्हतो, साहेब. तुमच्याच बाकावर बसलो होतो, 'उद्या या' ऐकत. जरा तरी लाज बाळगा. मंजुरीची प्रत मराठीत करा, गावात येऊन सही घेऊन द्या, आणि मग मोजा काय ते दिवस. आणि मंजुरीच्या अटी पाळल्याचे ते सहामाही अनुपालन अहवाल ढिगाने येऊन पडतात, त्यातला एखादा उघडून डोंगरावर येऊन ताडून बघा. पगार त्याचाच घेता ना?