पार्ट-बीचे पैसे ‘आपोआप’ परत येत नाहीत

या हिवाळ्यात एकच मेसेज मला पाच ग्रुपवर आला. दोनदा तर ज्यांच्या शब्दावर लोक विश्वास ठेवतात अशा माणसांनी पाठवला. मजकूर थोडक्यात असा: तुम्ही अमेरिकेत युनियनच्या नोकरीत होतात तर मेडिकेअर पार्ट-बीचा (पासष्टीपुढच्यांच्या सरकारी आरोग्य विम्यातल्या डॉक्टरांच्या खर्चाच्या भागाचा) प्रीमियम युनियन परत करते. तुम्हाला काही करावं लागत नाही, पैसे आपोआप खात्यात येतात. उत्पन्न जास्त असलं तरी पूर्ण येतात. घरातल्या सगळ्यांचे येतात, ग्रीन कार्डवर आणलेल्या आई-वडिलांचेसुद्धा. युनियनचा रिटायरी प्लॅन, म्हणजे निवृत्तांचा आरोग्य विमा, असेल तर पार्ट-बी घेतला नाही तरी चालतं, आणि भारतात राहायला जाणार असाल तर तो बंदच करून टाका, परत आल्यावर सुरू होतो. मिळालेल्या पैशांवर टॅक्स मात्र भरा.

मी न्यूयॉर्क शहराच्या नोकरीतून निवृत्त झाले. आमच्या पिढीचे कितीतरी भारतीय इंजिनिअर शहराच्या निरनिराळ्या खात्यांत लागले आणि डिस्ट्रिक्ट कौन्सिल ३७ या शहर कर्मचाऱ्यांच्या युनियनच्या लोकल ३७५ या शाखेचे सभासद झाले. त्यातले बरेच जण आता पासष्टी ओलांडून गेलेत आणि दर आठवड्याला कोणी ना कोणी फोन करून विचारतं, ‘अगं, ते पैसे येतात ना आपोआप?’ म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. रक्कम लहान नाही. पार्ट-बीचा ठरलेला प्रीमियम २०२५ मध्ये महिना १८५ डॉलर होता, म्हणजे वर्षाला २,२२० डॉलर. २०२६ साठी तो २०२.९० डॉलर झाला आहे. नवरा-बायको दोघांचा धरला तर वर्षाला ४,८६९ डॉलर ६० सेंट. पेन्शनवर जगणाऱ्या घरात एवढ्या पैशात बरंच काही होतं.

‘युनियन परत करते.’ 

कोण परत करतं, हे ज्याचं त्याने आधी शोधायला हवं, कारण चुकीच्या दारात उभं राहिलात तर वर्ष निघून जातं. न्यूयॉर्क शहराच्या निवृत्तांना पार्ट-बीचे पैसे युनियन देत नाही, शहर देतं. शहराच्या ऑफिस ऑफ लेबर रिलेशन्समधला आरोग्य-लाभ विभाग हे काम पाहतो. युनियनचा वेलफेअर फंड वेगळा. दात, चष्मा, औषधं असे लाभ त्याच्याकडे असतात. आमच्यातले कित्येक जण पार्ट-बीसाठी वेलफेअर फंडाला फोन करतात, तिथून ‘हे आमच्याकडे नाही’ असं उत्तर मिळतं, आणि ते समजतात की आपल्याला हक्कच नाही.

खाजगी क्षेत्रातल्या युनियनचा प्रकार निराळा. बांधकाम, हॉटेल, रुग्णालयं अशा धंद्यांत मालक आणि युनियन यांचा संयुक्त ट्रस्ट असतो. १९४७ च्या टाफ्ट-हार्टली कायद्याने अशा ट्रस्टच्या विश्वस्त मंडळात दोन्ही बाजूंना सारखी जागा दिली. पैसा येतो तो मालकांनी करारानुसार भरलेल्या वर्गणीतून. असे काही फंड पार्ट-बी परत करतात, काही ठरावीक रकमेपर्यंतच करतात, काही अजिबात करत नाहीत. तुमचा फंड काय करतो ते त्याच्या ‘समरी प्लॅन डिस्क्रिप्शन’ नावाच्या पुस्तिकेत छापलेलं असतं आणि ती मागितली की द्यावीच लागते. शेजाऱ्याच्या फंडाचा नियम आपल्याला लागू होत नाही, मग शेजारी कितीही जिवाभावाचा असो.

‘आपोआप येतात.’

सगळ्यात जास्त नुकसान या एका शब्दाने केलं आहे.

न्यूयॉर्क शहराकडून ठरलेला प्रीमियम खरोखरच दरवर्षी वेगळा अर्ज न करता येतो. मागच्या वर्षाचे पैसे पुढच्या एप्रिलमध्ये. पण त्यासाठी तुम्ही मेडिकेअरमध्ये गेला आहात हे त्या विभागाला आधी कळलेलं असावं लागतं. मेडिकेअर कार्डाची प्रत एकदा पाठवायची, पत्नी किंवा पती पासष्टचे झाले की त्यांच्या कार्डाची प्रत पाठवायची. सरकारी पेन्शन आणि मेडिकेअरची नोंदणी पाहणाऱ्या सोशल सिक्युरिटी कार्यालयाला माहीत आहे म्हणजे शहरालाही कळलं, असं धरून चालू नका. आपल्याकडे बहुतेक घरांत नवऱ्याचं कार्ड पाठवलेलं असतं आणि दोन-तीन वर्षांनी पासष्टीला पोचलेल्या बायकोचं राहून गेलेलं असतं. हे मी इतक्या घरांत पाहिलं आहे की आता कोणाचा फोन आला तर पहिला प्रश्न मी वहिनींच्या कार्डाचा विचारते.

बाकीच्या अनेक फंडांत तर दरवर्षी क्लेम भरावा लागतो आणि तोही मुदतीत. पुरावा काय लागतो? सोशल सिक्युरिटीच्या रकमेतून प्रीमियम कापला जात असेल तर जानेवारीत येणारा एसएसए-१०९९ हा कागद. वर्षभरात मेडिकेअरसाठी किती कापले ते त्यावर लिहिलेलं असतं. तो टॅक्सवाल्याकडे देण्याआधी एक प्रत काढून ठेवा. हरवला तर सोशल सिक्युरिटीच्या ऑनलाइन खात्यातून पुन्हा काढता येतो, पुण्यात बसूनही. ज्यांनी सोशल सिक्युरिटी अजून सुरू केलेली नाही त्यांना सीएमएस-५०० नावाचं बिल येतं. त्यांनी ती बिलं आणि ती भरल्याचा पुरावा असं दोन्ही जपायचं. नुसतं बिल दाखवून पैसे भरल्याचं सिद्ध होत नाही.

‘उत्पन्न जास्त असलं तरी पूर्ण येतात.’

उत्पन्न एका मर्यादेच्या वर गेलं की पार्ट-बीवर जादा आकार बसतो. त्याला सगळे ‘इर्मा’ म्हणतात. २०२५ साठी ही मर्यादा एकट्याला १,०६,००० डॉलर आणि एकत्र रिटर्न भरणाऱ्या जोडप्याला २,१२,००० डॉलर होती. पहिल्या पायरीवरच प्रीमियम १८५ चा २५९ डॉलर होतो, म्हणजे माणशी महिना ७४ डॉलर जास्त. दोघांचे वर्षाला १,७७६. न्यूयॉर्क शहर हा जादा आकारही परत करतं, पण आपोआप नाही. त्यासाठी वेगळा अर्ज, तोही दरवर्षी नव्याने, दोघांचा असेल तर दोघांच्या कागदांसह. सोशल सिक्युरिटीकडून वर्षाच्या शेवटी येणारं ते पत्र, ज्यात पुढच्या वर्षाचा जादा आकार कळवतात, तेच यातलं मुख्य कागदपत्र. आणि बऱ्याच घरांत तेच पत्र ‘आलं असेल काहीतरी सरकारी’ म्हणून टाकून दिलं जातं. ठरलेले २,२२० खात्यात आले की लोकांना वाटतं हिशेब पुरा झाला, आणि वरचे पैसे वर्षानुवर्षं मागितलेच जात नाहीत. दुसऱ्या फंडांनी इर्मा परत केलाच पाहिजे असं नाही. पुस्तिका पाहा. आणि औषधांच्या पार्ट-डीवर बसणारा जादा आकार निराळा आहे. तो पार्ट-बीच्या अर्जात घालू नका.

इथे आपल्या लोकांसाठी एक गोष्ट मुद्दाम सांगते. इर्मा ठरवताना दोन वर्षांपूर्वीचं रिटर्न पाहतात. २०२५ च्या प्रीमियमसाठी २०२३ चं. आता २०२३ मध्ये तुम्ही कोथरूडचा किंवा ठाण्याचा फ्लॅट विकला असेल, तर त्यावरचा नफा अमेरिकेच्या रिटर्नमध्ये दाखवावाच लागतो, आणि त्या एका वर्षाच्या उत्पन्नाने २०२५ चा प्रीमियम वर जातो. लोक घाबरून एसएसए-४४ हा, जादा आकार कमी करून मागण्याचा, फॉर्म भरतात. तो फॉर्म नोकरी सुटली, जोडीदार गेला, घटस्फोट झाला अशा बदलांसाठी आहे. नुकतेच निवृत्त झाला असाल तर जरूर भरा, कारण काम थांबणं हे त्यातलं मान्य कारण आहे. पण स्वतःहून घर विकणं त्यात बसत नाही. त्या वर्षाचा जादा आकार भरावा लागतो आणि मग, फंड देत असेल तर, अर्ज करून परत मागावा लागतो. म्हणजे ज्या वर्षी इर्मा पहिल्यांदा बसतो त्याच वर्षी हा अर्ज माहीत असणं सगळ्यात गरजेचं, आणि नेमकं त्याच वर्षी मेसेज सांगतो की काही करू नका.

‘रिटायरी प्लॅन आहे, पार्ट-बी नको.’

हा सल्ला ऐकून कोणी खरंच थांबलं असेल तर कृपा करून आजच हालचाल करा. पासष्टीनंतरही तुम्ही किंवा जोडीदार प्रत्यक्ष नोकरीत असाल आणि त्या नोकरीचा ग्रुप विमा असेल, तर पार्ट-बी लांबवता येतो. नोकरी किंवा तो विमा संपल्यावर आठ महिन्यांची खिडकी मिळते. रिटायरी प्लॅन मात्र नोकरीचा विमा धरला जात नाही. नोकरी सुटल्यावर स्वतःच्या पैशाने चालू ठेवलेला जुना विमा, म्हणजे कोब्रा, तोही नाही. ती खिडकी चुकली की १ जानेवारी ते ३१ मार्चपर्यंतच्या सर्वसाधारण नोंदणीची वाट पाहायची, आणि उशिराच्या प्रत्येक पूर्ण १२ महिन्यांमागे १० टक्के दंड भरायचा, पार्ट-बी असेपर्यंत. तीन वर्षं गेली तर ३० टक्के. २०२६ च्या दराने महिना साधारण ६१ डॉलर, आणि प्रीमियम वाढेल तसा दंडही वाढतो. न्यूयॉर्क शहर हा दंड परत करत नाही.

शिवाय बहुतेक रिटायरी प्लॅन असं धरूनच चालतात की आधी मेडिकेअर पैसे देणार आणि उरलेलं आम्ही. पार्ट-बी नसेल तर मेडिकेअरने जो वाटा दिला असता तो तुमच्या अंगावर. आणि साधी गोष्ट अशी की प्रीमियम भरलाच नाही तर परत काय मिळणार?

‘भारतात जाणार असाल तर बंद करा, परत आल्यावर सुरू होतो.’

मेडिकेअर भारतातल्या उपचारांचे पैसे देत नाही, हे खरं आहे. त्यामुळे कायमचं परत जाऊन पुन्हा इकडे उपचाराला न येण्याचं ज्यांचं पक्कं आहे त्यांनी पार्ट-बी सोडला तर मी त्यांना चूक म्हणणार नाही. पण आपल्यातले किती जण तसे असतात? मुलं न्यू जर्सीत, नातवंडं टेक्सासमध्ये. गुडघा किंवा हृदय बिघडलं की तिकीट इकडचंच निघतं. चार वर्षांनी परत आलात तर ४० टक्के दंड आणि जानेवारीची वाट. त्यात ज्याला प्रीमियम परत मिळतोच आहे त्याने तो बंद करण्यात बचत काहीच नाही. नाशिकला राहत असतानाही कापला गेलेला प्रीमियम तुमच्याच खिशातून गेलेला असतो. फंडाला पत्ता बदलल्याचं कळवा, बँकेचं अमेरिकेतलं खातं चालू ठेवा, आणि परदेशी राहणाऱ्या सभासदासाठी काही वेगळी अट आहे का ते लेखी विचारून घ्या.

आई-वडिलांचं थोडक्यात. ग्रीन कार्डवर सलग पाच वर्षं राहिलेल्या पासष्टीपुढच्या माणसाला पार्ट-बी विकत घेता येतो. इथे काम केलेलं नसेल तर रुग्णालयाच्या खर्चाच्या पार्ट-ए साठीही पैसे पडतात. २०२५ मध्ये ते महिना ५१८ डॉलरपर्यंत होते. पण या फंडांत आश्रित म्हणजे पती किंवा पत्नी आणि मुलं. आई-वडिलांचा प्रीमियम मुलाच्या युनियनकडून परत येणार हे गृहीत धरून हिशेब मांडू नका, तो मुलांनाच भरावा लागतो.

टॅक्सचंही मेसेजने उलटं सांगितलं आहे. निवृत्ताने खरोखर भरलेला प्रीमियम पूर्वीच्या मालकाच्या आरोग्य योजनेतून पुराव्यानिशी परत मिळाला तर तो सहसा उत्पन्न धरला जात नाही. अपवाद लक्षात ठेवण्यासारखा आहे: तोच प्रीमियम आदल्या वर्षी वैद्यकीय खर्च म्हणून वजा करून सूट घेतली असेल, तर परत आलेली रक्कम दाखवावी लागू शकते. ती वजावट उत्पन्नाच्या ७.५ टक्क्यांवरच्या खर्चालाच मिळते, त्यामुळे बहुतेकांनी ती घेतलेली नसते.

आणखी एक, जे मेसेजमध्ये लिहिलेलं नाही पण वाचणारा गृहीत धरतो: हे जन्मभर चालू राहणार. पेन्शनला १९७४ च्या एरिसा कायद्याचं जे संरक्षण आहे ते खाजगी क्षेत्रातल्या निवृत्तांच्या आरोग्य लाभांना नाही. २०१५ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने एम अँड जी पॉलिमर्स विरुद्ध टॅकेट या खटल्यात सांगितलं की निवृत्तांचे आरोग्य लाभ आजन्म आहेत असं आपसूक मानता येणार नाही, करारात काय लिहिलं आहे ते पाहावं लागेल. न्यूयॉर्क शहराच्या निवृत्तांना शहराच्या प्रशासकीय संहितेतल्या कलम १२-१२६ चा आधार आहे, आणि तोही निवृत्तांनी कोर्टात जाऊन राखला म्हणून टिकून राहिला. फंडाकडून येणारी बदलाची पत्रं उघडून वाचा.

मागच्या वर्षी आमच्या ओळखीचे एक काका ऑगस्टअखेर गेले. काकूंना कोणीतरी हाच मेसेज दाखवून सांगितलं होतं, काही करू नका, येतील पैसे. आले खरे. पण काकांच्या नावच्या खात्यावर, जे मुलाने तोवर बंद केलं होतं, आणि तिथून परत फिरले. फंडाला काका गेल्याचं कोणी कळवलंच नव्हतं. आठ महिन्यांचे १,४८० डॉलर काकांनी जिवंतपणी भरलेले होते, ते घरच्यांना मागता येत होते. आम्ही दोघी एका शनिवारी जेवणाच्या टेबलावर बसलो. मृत्यूचा दाखला, काकांचा एसएसए-१०९९, काकूंच्या नावाचं पत्र, आणि काकूंच्या स्वतःच्या मेडिकेअर कार्डाची प्रत, जी पासष्टीनंतर कधीच पाठवली गेली नव्हती. पाकीट रजिस्टर्ड पोस्टाने गेलं. सात आठवड्यांनी चेक आला, काकूंच्या नावाचा.