हे वहीत लिहून घ्या

बीबीसी टू वाहिनीने २००२ साली दाखवलेल्या ‘लुक अराउंड यू’ या मालिकेचे पहिले पर्व मी अलीकडेच तिसऱ्यांदा पाहिले, आणि जुन्या शैक्षणिक चित्रफितींच्या विडंबनात तिच्या तोडीचे दुसरे काही नाही हे माझे मत अधिकच पक्के झाले. रॉबर्ट पॉपर आणि पीटर सेराफिनोविच यांनी तीत सत्तर-ऐंशीच्या दशकांतील ब्रिटिश शालेय विज्ञान कार्यक्रमांचे हुबेहूब सोंग आणले आहे. एकेक भाग जेमतेम दहा मिनिटांचा. विषय गणित, पाणी, गंधक, लोखंड, आणि त्याच रांगेत, तितक्याच गांभीर्याने, भुते. सुरुवातीला सेकंद मोजणारे घड्याळ, मग काचेची भांडी, वस्तू दाखवणारी पेन्सिल आणि निवेदक नायजेल लॅम्बर्ट यांचा धीरगंभीर आवाज. सर्वांत मोठी संख्या सुमारे ४५ अब्ज आहे, मात्र तिच्याहूनही मोठ्या संख्या असाव्यात असा गणितज्ञांचा कयास आहे, हे तो आवाज अशा थाटात सांगतो की ऐकणाऱ्याचा हात वहीकडे जावा.

वहीत लिहून घेण्याची आज्ञा निवेदक वारंवार देतो, आणि माझ्या मते खरा विनोद चुकीच्या माहितीपेक्षा या आज्ञेत आहे. (आमच्या वर्गात सरांनी फळ्यावर चुकलेले सूत्र आम्ही पक्क्या वहीत अधोरेखित करून उतरवले होते.) चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी सक्तीने दाखवले जाणारे फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट ज्यांनी पाहिले, त्यांना हा शंकेला जागाच न ठेवणारा सूर परका वाटणार नाही.

हल्लीची बरीच विडंबने मात्र पडद्यावर ओरखडे आणि फिकट रंग आणून थांबतात. त्यांत हसे होते ते केवळ जुनेपणाचे. याउलट मॉन्टी पायथन या ब्रिटिश विनोदी चमूच्या मंडळींनी १९७० साली ब्रिटिश सरकारी माहितीपटांची नक्कल केली तेव्हा दृष्टीस न पडण्याचे महत्त्व पटवताना लपलेल्या नागरिकाला उभे राहण्यास सांगितले, तो आज्ञाधारकपणे उभा राहताच त्याला गोळी घातली, आणि निवेदकाचा सूर तसूभरही ढळू दिला नाही.

‘लुक अराउंड यू’चे २००५ मधील दुसरे पर्व मला म्हणूनच फिके वाटते. तेथे ‘टुमॉरोज वर्ल्ड’ या बीबीसीच्या जुन्या विज्ञान-तंत्रज्ञानविषयक कार्यक्रमाच्या धर्तीवर अर्ध्या तासाचे भाग आले आणि स्टुडिओत सूत्रसंचालक उभे राहिले. माणसे मजेशीर आहेत, पण समोर चेहरा दिसला की आपण त्या माणसाला हसतो, आणि पडद्यामागच्या आवाजाचा दरारा नाहीसा होतो. या वेळी मी ते पर्व लावलेच नाही.