हार्लेख : बांधणाऱ्याचा की लढवणाऱ्याचा?

ताई मुलाकडे वेल्सला दोन महिने राहून परतल्या आणि पहिल्याच संध्याकाळी त्यांनी कट्ट्यावर हार्लेखच्या किल्ल्याचे छायाचित्र सर्वांपुढे धरले. वायव्य वेल्सच्या किनाऱ्यावर सुमारे दोनशे फूट उंचीच्या खडकावर उभा असलेला, चार कोपऱ्यांना चार गोल बुरूज असलेला तो किल्ला पाहून बापूंनी सहज विचारले, “हा वेल्श राजांचा किल्ला का हो?” ताई “होय” म्हणाल्या आणि त्याच क्षणी अण्णा “मुळीच नाही” म्हणाले. तेथून जो वाद पेटला, तो रात्री दहापर्यंत चालला.

अण्णांचे सारे आयुष्य बांधकाम खात्यात गेले असल्यामुळे त्यांनी बाजू मांडली ती हिशेबाने. 1282 च्या डिसेंबरात वेल्सचा राजपुत्र लिवेलिन आप ग्रिफिथ मारला गेला आणि पुढच्याच वर्षी इंग्लंडच्या पहिल्या एडवर्डने हार्लेखचे काम सुरू केले. सव्हॉयहून आलेला जेम्स ऑफ सेंट जॉर्ज हा त्याचा मुख्य स्थपती होता. 1286 च्या उन्हाळ्यात या खडकावर सव्वादोनशेहून अधिक पाथरवट आणि पाचशेहून अधिक मजूर राबत होते. 1289 पर्यंत मुख्य काम पूर्ण झाले, तेव्हा सुमारे 8,190 पौंड खर्ची पडले होते. आत उंच तट, बाहेर त्याला वेढणारा ठेंगणा तट आणि जमिनीच्या बाजूला, जिथून हल्ल्याची भीती अधिक, तिथे जुळ्या बुरुजांचा प्रचंड दरवाजा, अशी ती रचना आहे. “ज्याने जागा निवडली, पैसा ओतला आणि सात वर्षांत किल्ला उभा केला, त्याचे नाव पुसायचे कसे?” असा त्यांचा प्रश्न होता. युनेस्कोनेही 1986 मध्ये हार्लेख, कॉन्वी, काएर्नार्वन आणि ब्यूमारिस यांना जागतिक वारशात घेतले ते ‘ग्विनेडमधील एडवर्ड राजाचे किल्ले व नगरकोट’ याच नावाने, हेही त्यांनी सांगितले.

ताईंनी यातील एकही आकडा नाकारला नाही. त्यांचे म्हणणे एवढेच होते, की किल्ला बांधणे ही एक गोष्ट आणि किल्ला लढवणे ही दुसरी. 1400 मध्ये ओवाइन ग्लिनडूर या वेल्श सरदाराने इंग्रज सत्तेविरुद्ध उठाव केला आणि 1404 मध्ये हार्लेख त्याच्या हाती आला. त्याने कुटुंबासह तिथे मुक्काम हलवला आणि 1405 मध्ये आपली संसदही तिथेच भरवली. पुढची चार वर्षे स्वतंत्र वेल्सची जी काही राजधानी होती, ती हीच. ताईंनी मग आम्हां सर्वांना निरुत्तर करणारा दाखला दिला. 2025 मध्ये मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत गेले, तेव्हा आपण सर्वांनी पेढे वाटले. त्या बारांत तमिळनाडूतील जिंजी आहे. जिंजी मराठ्यांनी बांधलेली नाही. शिवाजी महाराजांनी ती 1677 मध्ये घेतली आणि राजाराम महाराजांनी झुल्फिकारखानाच्या वेढ्यात ती वर्षानुवर्षे लढवली, म्हणून ती आपली. “जिंजीला जो न्याय, तो हार्लेखला का नाही?” असे त्यांनी विचारले.

बराच वेळ शांत बसलेल्या बापूंनी येथे जी हरकत घेतली, ती मला सर्वांत वजनदार वाटली. जिंजी मराठ्यांना दाबून ठेवण्यासाठी कोणी बांधली नव्हती, पण हार्लेख मात्र वेल्श माणसाची मान वर होऊ नये याच हेतूने बांधला गेला. त्याला वेल्श वैभव म्हटले तर तो हेतू झाकला जाईल. अठराव्या शतकातील वेल्श लेखक टॉमस पेनंट याने काएर्नार्वनच्या किल्ल्याला आपल्या पारतंत्र्याचे भव्य चिन्ह म्हटले होते, आणि ती जखम अजूनही बुजलेली नाही. 2017 मध्ये फ्लिंटच्या किल्ल्यापाशी लोखंडी कड्याच्या आकाराचे भव्य शिल्प उभारण्याचे ठरले, तेव्हा एडवर्डच्या किल्ल्यांच्या साखळीला ‘लोखंडी कडे’ म्हणतात हे ठाऊक असलेल्या दहा हजारांहून अधिक लोकांनी विरोधाच्या निवेदनावर सह्या केल्या आणि तो बेत सोडून द्यावा लागला.

अण्णांना यातून बळ मिळाले. त्यांनी लगेच 1468 चा वेढा पुढे केला. इंग्लंडच्या गादीसाठी दोन घराण्यांत झालेल्या गुलाबांच्या युद्धांत दावीद आप येवान याने हा किल्ला सात वर्षे झुंजवला आणि त्या चिवट झुंजीशी जोडलेले समरगीत वेल्समध्ये आजही गायले जाते. परंतु दावीद लढत होता तो इंग्लंडच्या गादीवरील लँकेस्टर घराण्याच्या हक्कासाठी, आणि ज्याच्यापुढे तो शरण गेला तो विल्यम हर्बर्टही वेल्शच होता. तेव्हा हार्लेखची प्रत्येक लढाई स्वातंत्र्याची मानू नये, हा त्यांचा मुद्दा ताईंनीही मान्य केला, आणि तो मान्य करणेच योग्य होते.

माझे मत मात्र समुद्राकडे पाहून बनले. 1294 मध्ये मादोग आप लिवेलिनच्या वेल्श उठावात हार्लेखला वेढा पडला, तेव्हा आतल्या इंग्रजांच्या अवघ्या 37 माणसांनी तो राखला, कारण खडकाच्या पायथ्याशी उतरणाऱ्या 108 पायऱ्यांच्या वाटेने आयर्लंडहून आलेले धान्य वर चढत होते. (आज समुद्र मागे हटला आहे आणि त्या पायऱ्यांपुढे वाळूच्या टेकड्या आहेत.) ग्लिनडूरच्या माणसांना ती वाट उपयोगी पडली नाही. त्यांनी तोफांचा मारा आणि उपासमार सोसून 1409 पर्यंत किल्ला धरून ठेवला. ग्लिनडूरचा जावई एडमंड मॉर्टिमर त्याच वेढ्यात मरण पावला. ज्या भिंती वेल्श राज्य संपवण्यासाठी उभ्या केल्या, त्यांच्याच आत वेल्श संसद भरली, हे मी बापूंच्या हरकतीचे उत्तर मानतो. हेतू झाकायचा नाही, उलट तो आधी सांगायचा, म्हणजे 1405 च्या त्या सभेचे मोल कळते.

बापूंचे पूर्ण समाधान झाले नाही. उठता उठता त्यांनी ताईंना विचारले, की किल्ला पडल्यावर आतल्यांचे काय झाले. ताईंनी सांगितले, की ग्लिनडूरची मुलगी कात्रिन हिला लेकरांसह लंडनच्या टॉवरमध्ये कैदेत नेले आणि 1413 मध्ये तिला त्याच शहरात पुरले.