विसार अडकवायचा असेल तर

बेळगावात जागा पसंत पडली की विसार, म्हणजे सौद्याची आगाऊ रक्कम, त्याच दिवशी टाका. कंग्राळीकडचे दोन गुंठे असोत नाहीतर वडगावातलं कौलारू घर, एजंट सांगणारच, "उद्या दुसरं गिऱ्हाईक येतंय." हे दुसरं गिऱ्हाईक आजवर कुणाच्या दृष्टीस पडलेलं नाही, पण त्याच्या धसक्यानं शहापूर-अनगोळात किती विसार दिले गेले असतील याची गणती नाही.

उतारा बघायचं नावही काढू नका. उताऱ्यावर नावं किती, त्यातली बहीण कोल्हापूरला दिली आहे का, धाकटा गोव्यात असतो का, हे विचारणं म्हणजे लोकांच्या घरात नाक खुपसणं. वडिलोपार्जित मिळकतीत कर्नाटकानं १९९४ च्या दुरुस्तीनं अविवाहित मुलींना आणि केंद्रानं २००५ मध्ये सगळ्याच मुलींना वाटा दिला. विकणाऱ्याला हे आठवतं ते विसार खर्चून झाल्यावर. "आक्का सही करायला नाही म्हणते हो, मी तरी काय करू?" शेताचा तुकडा घेत असाल तर तो तुकडा वेगळा दाखवणाऱ्या मोजणी खात्याच्या अकरा-ई नकाशाचीही घाई नको. नकाशा यायच्या आत कागदावरची मुदत संपली की भांडायला मुद्दा आयता मिळतो.

कागद बॉण्ड रायटरवर सोडा. तो मजकूर कन्नडमध्ये टाइप करील, खाली दोन्ही पक्ष मराठीत झोकात सह्या ठोकतील, आणि मधलं काय आहे ते दोघांनाही धड वाचता येणार नाही. मुदतीच्या जागी टिंबटिंब ठेवा. ती जागा मागाहून निळ्या बॉलपेननं भरायची असते, बाकी कागद काळ्या शाईत असला तरी. तरीही कुणी आगाऊपणानं विचारलंच, "व्यवहार मोडला तर पैसे किती दिवसांत परत, ते लिहायचं काय?" तर कोपऱ्यात बसलेले तात्या आहेतच. "शुभ बोला की हो! अजून पेढे वाटले नाहीत आणि मोडायची भाषा?" बॉण्ड रायटर हात आवरतो, सगळे हसतात, आणि पुढच्या पाच-सात वर्षांच्या तारखांची सोय होते.

रक्कम रोखच द्या, चेक देणं हा समोरच्याचा अपमान. जागेच्या व्यवहारात २०,००० किंवा त्याहून जास्त रोख घेणाऱ्याला तेवढाच दंड होऊ शकतो, पण ते त्याचं दुखणं. तुमच्या वाट्याचं वेगळं आहे. एप्रिल २०२५ मध्ये बेंगळुरूतल्या एका जागेचा खटला सर्वोच्च न्यायालयात होता. ७५ लाख ॲडव्हान्स रोख दिल्याचं त्यात सांगितलं होतं. न्यायालयानं त्यावर बजावलं की दोन लाख किंवा त्यावर रोख दिल्याचं दाव्यात आलं, तर ते प्राप्तिकर खात्याला कळवायचं. म्हणजे "मी पाच लाख मोजून दिले" असं शपथेवर सांगितलंत की, ते आले कुठून हे विचारणारा तिसरा पक्षकार फुकटात मिळाला.

आता व्यवहार मोडूया. त्याला कारण लागत नाही. रिंगरोडची रेघ इकडे सरकली की भाव चढतो आणि विकणारा फिरतो. ती रेघ नेमकी प्लॉटवरून गेली की घेणारा फिरतो. बँकेनं कर्ज नाकारलं तर मग विचारूच नका. अशा वेळी दिलेली रक्कम सौदा पाळण्याची हमी होती की किमतीचा हप्ता, हे कागदात नसणं फार मोलाचं. १९६३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं १,१२,५०० च्या व्यवहारातले हमीचे १,००० विकणाऱ्याला ठेवू दिले, वरचे २४,००० जप्त करू दिले नाहीत. तुमच्या कागदात सगळं एकाच ओळीत "ॲडव्हान्स पोचला" असं असेल, तर दोन्ही वकिलांना हा एकच निकाल आपापल्या बाजूनं वाचता येतो.

कोर्टात गेलात तर मागणं फक्त खरेदीपत्राचं ठेवा. "नपेक्षा पैसे परत द्या" हे दाव्यात घालणं म्हणजे आधीच हार मानणं, नाही का? २०२५ च्याच मे महिन्यात, पुन्हा बेंगळुरूच्याच एका व्यवहारात, साडेपंचावन्न लाखांच्या सौद्यातले २० लाख विकणाऱ्याकडेच राहिले. ॲडव्हान्स जप्तीचं कलम करारात होतं आणि परताव्याचं मागणं दाव्यात नव्हतं. तसं मागायचं असतं हे विशिष्ट अनुतोष कायद्याच्या (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) कलम २२ मध्ये १९६३ पासून लिहिलेलं आहे, पण कायदे वाचायला सवड कुणाला आहे!

की कोर्टच नको? मग "पुढच्या सुगीला देतो" यावर थांबा. ठरल्या तारखेपासून तीन वर्षांत खरेदीपत्रासाठी दावा लावायचा असतो. आणि तीन सुग्या अशा निघून जातात की कळतही नाही.

विकणाऱ्या काकांनाही दोन शब्द. विसार हातात पडला की बोअर मारा, पोरीचं लग्न काढा. परत द्यायची वेळ आली तर तीच जागा दुसऱ्याला दाखवून त्याच्या विसारातून पहिल्याचा फेडा. आणि घर-प्लॉटचा ॲडव्हान्स जप्त केलात तर तो तुमच्या उत्पन्नात धरला जातो, पण रिटर्न भरताना सीएला हे मुळीच सांगू नका. ती खबर पोचवायला पैसे बुडालेला माणूस बसलाय की, अर्ज टाइप करून.