मृणाल ठाकूर 'रातोरात' स्टार झाली म्हणे, मग आधीची दहा वर्षं कुठे गेली?

'सीता रामम' हा तेलुगू पिक्चर आल्यापासून मृणालची एक गोष्ट सगळीकडे फिरतेय, रीलमध्ये, व्हॉट्सॲपवर, तिच्या बर्थडेच्या पोस्टमध्ये, शब्द थोडे इकडेतिकडे पण माल तोच. धुळ्याच्या खेड्यातली गरीब पोरगी, मुंबईत आली, टीव्हीवर कुठेतरी कोपऱ्यात छोटीमोठी कामं करत होती, मराठी असून मराठीत कधी काम केलं नाही, मग टीव्ही सोडलं की लगेच साउथचा एक पिक्चर मिळाला, नशीब फळफळलं आणि रातोरात स्टार. वाचायला भारी वाटतं, फॉरवर्ड करायला तर अजून भारी. फक्त यातलं एकेक वाक्य हातात घेऊन बघायला लागलं की फार काही शिल्लक राहत नाही.

आधी ते खेडं बघू. धुळे हे खेडं कधीपासून झालं? जिल्ह्याचं ठिकाण आहे, महानगरपालिका आहे, २०११ च्या जनगणनेत पावणेचार लाख लोकसंख्या, मुंबई-आग्रा हायवे तिथून जातो, इतिहासकार राजवाड्यांच्या नावाचं संशोधन मंडळ तिथे कित्येक दशकं उभं आहे. पण पुण्यामुंबईच्या बाहेर जे काही आहे ते सगळं 'छोटंसं गाव', अशी ज्यांची समजूत त्यांना खान्देशातल्या माणसाने काय समजावायचं. आणि ती तिथे जन्मली, १९९२ साली, एवढंच. शाळा जळगावला कॉन्व्हेंटमध्ये, मग मुंबईकडे वसंत विहारला, कॉलेज चर्चगेटचं केसी. वडील बँकेत. म्हणजे महिन्याच्या महिन्याला पगार येणारं, मुलीला कॉन्व्हेंटमध्ये घालणारं आपल्यासारखंच मध्यमवर्गीय घर, यात गरिबी कुठून आणली ते पोस्ट लिहिणाऱ्यालाच माहीत. मला वाटतं लोकांना सरळ मध्यमवर्गीय माणूस पुढे गेला ही गोष्ट पुरेशी चविष्ट वाटत नाही, म्हणून वरून थोडी उपासमार भुरभुरवतात.

अशा घरात अडचण वेगळीच असते, ती म्हणजे 'सिनेमात जाते' हे बोलायचं कसं. डेंटिस्ट होण्याचा पर्याय समोर होता, तो सोडून मास मीडियाला गेली कारण क्राइम रिपोर्टर व्हायचं होतं, हे तिनेच मुलाखतींमध्ये सांगितलंय. गंमत बघा, पुढे 'बाटला हाऊस'मध्ये ती न्यूज अँकर झाली आणि 'धमाका'मध्ये रिपोर्टर, म्हणजे रिपोर्टर व्हायचा प्लॅन पडद्यावर का होईना पूर्ण केला पोरीने! स्मिता पाटील, घराणं शिरपूरकडचं म्हणजे खान्देशातलंच, ती तर दूरदर्शनवर खरोखरच मराठी बातम्या द्यायची आणि तिथून सिनेमात गेली. टीव्हीतून सिनेमाकडे जाणारी वाट काही काल-परवा निघालेली नाही.

आता ते 'छोटीमोठी कामं'. हे वाक्य मला सगळ्यात जास्त खटकतं. २०१२ ला स्टार प्लसवर 'मुझसे कुछ कहती... ये खामोशियाँ' आली, त्यात मोहित सेहगलसमोर गौरी भोसले कोण होती? मृणाल. लीड रोल, वय वीस, कॉलेज अजून चालू. पहिल्याच सिरियलला स्टार प्लसची लीड, याला कोपऱ्यातलं काम म्हणत असतील तर मग मधोमध काय असतं ते सांगा. हां, सिरियल फार चालली नाही, २०१३ ला बंद झाली, मग 'अर्जुन'मध्ये गेस्ट म्हणून येऊन गेली. हेच तर रातोरातवाल्या गोष्टीत बसत नाही ना, की लीड मिळूनसुद्धा माणूस परत खाली येतो आणि पुन्हा ऑडिशनच्या लायनीत उभा राहतो.

मग एप्रिल २०१४, झी टीव्ही, रात्री नऊ, 'कुमकुम भाग्य'. सरला अरोरा नावाची बाई लग्नाचा हॉल चालवते, तिच्या दोन मुली, मोठी प्रज्ञा म्हणजे सृती झा आणि धाकटी बुलबुल म्हणजे मृणाल. एकता कपूरच्या बालाजीची सिरियल, टीआरपीच्या यादीत वरती असायची, पुढे लीपवर लीप (म्हणजे गोष्ट एकदम काही वर्षं पुढे नेणारी उडी) घेत दहा वर्षांच्या वर चालली. बुलबुल आणि पूरबची जोडी हा तिच्यातला दुसरा मोठा ट्रॅक होता, पॅरलल लीड म्हणतात त्याला. आठवड्याला पाच एपिसोड म्हणजे वर्षाला अडीचशे, एकेक बावीस मिनिटांचा धरला तर नव्वद तासांच्या वर फुटेज होतं, म्हणजे अडीच तासांचे पस्तीसच्या वर पिक्चर एका वर्षात. त्यातले सगळे सीन तिचे नव्हते हे कबूल, पण तिसरा हिस्सा जरी धरला तरी सिनेमातली हिरॉइन पाच वर्षांत जेवढी पडद्यावर दिसते तेवढी ही एका वर्षात दिसली.

आणि ते फुटेज तयार कसं होतं ते बघितलंय का कधी? बारा-तेरा तासांची शिफ्ट, सकाळचा कॉल टाइम, मेकअप करून बसायचं, सीनचा कागद सेटवर पोचतो तेव्हा प्रिंटरची ऊब अजून गेलेली नसते, पाठ करायला दहा मिनिटं, मग मास्टर म्हणजे अख्खा सीन एका शॉटमध्ये, मग एकेकाचे क्लोज, त्याच सीनमध्ये तीनदा रडायचं आणि तिन्ही वेळा खरं वाटलं पाहिजे कारण एडिटर कुठला तुकडा उचलेल सांगता येत नाही. एपिसोडची बँक, म्हणजे आधीच शूट करून ठेवलेले एपिसोड, नसली तर आज शूट केलेलं उद्या-परवा टेलिकास्ट. गुरुवारी टीआरपी आला आणि आकडा पडला की ट्रॅक बदलला, कालपर्यंत ज्याच्यावर प्रेम होतं तो आज व्हिलन, आणि चेक मात्र तीन महिन्यांनी. ह्याला 'कोपऱ्यात' म्हणणाऱ्या माणसाने एक आठवडा फिल्मसिटीला किंवा चांदिवलीच्या स्टुडिओत जाऊन नुसतं उभं राहून दाखवावं. वर मधल्या काळात २०१५ ला 'नच बलिये'चा सातवा सीझनही केला तिने.

खरं म्हणजे 'रातोरात'मागे एक छुपा हिशेब आहे, की रात्री नऊला जेवणाची ताटं वाढता वाढता सिरियल बघणाऱ्या बायका म्हणजे प्रेक्षक नव्हेतच. २०१४ मध्ये कितीतरी घरांत बुलबुलला नावाने ओळखायचे, तिच्या लग्नाचं टेन्शन घ्यायचे. २०२२ ला ज्यांनी तिला शोधून काढलं, ते शोधून काढणारे उशिरा आले, ती उशिरा आली नाही.

पुढचा दावा, टीव्ही सोडलं की लगेच पिक्चर. २०१६ ला तिने चालू असलेली, टॉपची सिरियल सोडली. कशासाठी, तर तबरेज नूरानीच्या 'लव्ह सोनिया'साठी, माणसांच्या तस्करीवरचा पिक्चर, बहिणीला शोधायला निघालेली खेड्यातली मुलगी आणि तिचीच पुढे झालेली विक्री. मनोज बाजपेयी, रिचा चढ्ढा, फ्रीडा पिंटो, राजकुमार राव, आपली सई ताम्हणकर, एवढी सगळी मंडळी आणि मधोमध ही. चालू कमाई सोडून असला रोल घ्यायचा याला ग्लॅमरच्या मागे धावणं म्हणत नाहीत. आणि तो पिक्चर आपल्याकडे थेटरात लागला कधी, सप्टेंबर २०१८. दोन वर्षांच्या वर! टीव्हीवाल्या माणसासाठी हा काळ फार वाईट, कारण टीव्हीवर दोन महिने दिसला नाही तर लोक विसरतात आणि सिनेमावाले अजून ओळखत नसतात. बरं, लागून तरी काय, क्रिटिक्सनी कौतुक केलं, गल्ला जेमतेम.

मग २०१९ ला जुलैत 'सुपर ३०' हृतिकबरोबर, ऑगस्टमध्ये 'बाटला हाऊस' जॉनबरोबर. दोन्ही चालले, पण खरं सांगायचं तर दोन्हीत हिरॉइनला लिहूनच कमी ठेवलेलं, 'सुपर ३०'मध्ये तर ती अर्ध्या पिक्चरला दिसतच नाही. २०२१ ला 'तूफान', त्यात मराठी डॉक्टर अनन्या प्रभू झाली आणि माझ्या मते हिंदीतलं तिचं सगळ्यात मोकळं काम तेच आहे, पण लॉकडाऊनच्या काळात तो थेट ओटीटीवर आला. 'धमाका'ही ओटीटीवर. 'जर्सी' डिसेंबर २०२१ ला यायचा होता, कोविडमुळे ढकलत ढकलत एप्रिल २०२२ ला आला आणि आपटला. शाहिद कपूरसमोर सात-आठ वर्षांच्या मुलाची आई झाली होती ती त्यात, तिशीच्या आत, जे करायला भल्याभल्या नाही म्हणतात.

आणि मग ५ ऑगस्ट २०२२, 'सीता रामम'. पहिली सिरियल २०१२, हा पिक्चर २०२२. ही रात्र जरा जास्तच लांब झाली म्हणायची.

या पिक्चरने तिची जागा बदलली हे शंभर टक्के मान्य. दिग्दर्शक हनु राघवपुडीने तिला जो रोल दिला, सीता महालक्ष्मी आणि तिच्या मागे लपलेली नूरजहाँ, तसा पूर्ण लिहिलेला रोल हिंदीने तोपर्यंत 'लव्ह सोनिया' सोडून तिला दिला नव्हता. आता बघा, त्यात तिला करायचं काय होतं, तर बरंचसं न बोलता, चेहऱ्यावर. हिरो रामची पत्रं, त्याच्यापासून लपवलेली खरी ओळख, तोंडाने काहीच सांगायचं नाही आणि सगळं कळलं पाहिजे. भाषा तेलुगू, म्हणजे घरची नाही. क्लोजअपमध्ये डोळ्यांवर सीन पेलायची ही सवय कुठे लागते? जिथे दिवसाला आठ-दहा क्लोज द्यावे लागतात तिथे. म्हणजे ज्या टीव्हीला ती 'बाहेर पडली एकदाची' म्हणून लोक हिणवतात, त्याच टीव्हीची ही कमाई आहे असं मी तरी धरतो, कुणाला पटो न पटो.

नशिबाबद्दल एवढंच की नशीब नसतंच असं मी म्हणत नाही, टीव्हीतून निघालेले कितीतरी चांगले नट मध्येच राहिले. विद्या बालन 'हम पाँच'मधून निघून 'परिणीता'पर्यंत पोचली त्यात दहा वर्षं गेली, म्हणजे हा आकडासुद्धा नवीन नाही. आणि नशीब फळफळलं असेल तर ते टिकायला हवं ना, पण २०२३ ला 'गुमराह' चालला नाही, डिसेंबरला नानीबरोबर 'हाय नान्ना' जोरात चालला, एप्रिल २०२४ ला विजय देवरकोंडाबरोबरचा 'फॅमिली स्टार' परत बसला. कुणाही काम करणाऱ्या नटाचं असंच वरखाली असतं.

राहिलं मराठीचं, आणि हे तर सरळ सरळ खोटं आहे. 'हॅलो नंदन', आदिनाथ कोठारेबरोबर. 'विटी दांडू', ज्यात दिलीप प्रभावळकर आहेत. 'सुराज्य', वैभव तत्ववादीबरोबर. तिन्ही २०१४ चे, म्हणजे ज्या वर्षी हिंदीत बुलबुल चालू झाली त्याच वर्षी एका बाजूला तीन मराठी पिक्चर आले तिचे. तेव्हा तिच्या नावाने थेटरात कोण गेलं होतं? आज जे 'आपली मराठी मुलगी, पण मराठीला विसरली' असं लिहितात, त्यांनी या तिघांपैकी एक तरी पूर्ण बघितलाय का हे आधी सांगावं, मग विसरलं कोण ते ठरवू.