आजोबांनी गोळा केलेल्या सह्या

माझ्या आजोबांनी १९५० साली परळ-लालबागच्या चाळींतून अणुबाँबविरोधात सह्या गोळा केल्या होत्या. दिवसपाळी सुटली की आंघोळ करायची, धुतलेला सदरा घालायचा आणि कागदांची चळत, शाईचं पॅड घेऊन खोलीखोलीतून फिरायचं. ज्यांना लिहिता येत नसे त्यांचा अंगठा घ्यायचा. हिरोशिमात काय झालं ते त्यांना जेवढं कळलं होतं तेवढं ते सांगत. कोकणातून आलेला, गिरणीत साच्यावर उभा राहून कान अधू झालेला माणूस. म्हातारपणी हे सांगताना त्यांचा आवाज हळवा व्हायचा. आपल्या हातून काही चांगलं झालं असेल तर ते हे, असं त्यांना वाटायचं.

परवा एका ग्रुपवर कुणीतरी लिहिलं की शांतता चळवळ म्हणजे सगळी मॉस्कोची पगारी माणसं. त्याखाली लगेच दुसऱ्यानं लिहिलं, हा साम्राज्यवाद्यांचा जुना अपप्रचार आहे. दोन्ही वाचून मला झोप लागली नाही. आजोबा पगारी नव्हते, हे मला ठाऊक आहे. पण ते ज्या कागदावर सह्या घेत होते तो कागद कुठे लिहिला गेला आणि कशासाठी, हेही मी गेली काही वर्षं वाचत आलो आहे. म्हणून एवढं लांब लिहितोय.

तो कागद म्हणजे स्टॉकहोमचं आवाहन. मार्च १९५०. त्याआधीची पायरी बघायला हवी. १९४७ मध्ये युरोपातल्या कम्युनिस्ट पक्षांचं कॉमिनफॉर्म हे संयुक्त मंडळ स्थापन झालं आणि जग दोन छावण्यांत विभागलं गेल्याची मांडणी तिथे झाली. ऑगस्ट १९४८ मध्ये पोलंडमधल्या व्रोत्सवाफला बुद्धिजीवींची परिषद भरली. एप्रिल १९४९ मध्ये पॅरिसला शांततावाद्यांची जागतिक परिषद झाली. पिकासोचं ते प्रसिद्ध कबूतर याच परिषदेच्या पोस्टरवरचं. त्याच दिवसांत त्याला मुलगी झाली आणि तिचं नाव त्यानं पालोमा ठेवलं. स्पॅनिशमध्ये पालोमा म्हणजे कबूतर. ही माणसं खोटी नव्हती हे मला इथेच सांगायचंय. महायुद्ध संपून चारच वर्षं झाली होती, अर्धा युरोप ढिगाऱ्यात होता.

पण चार महिन्यांनी, २९ ऑगस्ट १९४९ रोजी, सोव्हिएत संघानं आपल्या पहिल्या अणुबाँबची चाचणी केली. आणि नोव्हेंबरात कॉमिनफॉर्मनं ठराव केला की यापुढे कम्युनिस्ट पक्षांच्या सगळ्या कामाच्या केंद्रस्थानी शांततेची चळवळ असली पाहिजे. दुसरीकडे युगोस्लाव्हियाचा नेता टिटो याचं स्टालिनशी बिनसलं होतं, तर युगोस्लाव्हियाच्या शांतता समितीला या चळवळीतून बाहेर काढलं गेलं. युगोस्लाव्हियानं कुणावर बाँब टाकला होता? कुणावरही नाही. त्यांचं मॉस्कोशी पटत नव्हतं, एवढंच.

आता आवाहनाचा मजकूर. अण्वस्त्रांवर बंदी घाला, तिच्यावर कडक आंतरराष्ट्रीय देखरेख ठेवा, आणि जे कोणतंही सरकार पहिल्यांदा अण्वस्त्र वापरेल ते मानवतेविरुद्धचा गुन्हा करणारं, युद्धगुन्हेगार समजलं जाईल. यातल्या एकाही वाक्याला माझा विरोध नाही, तुमचाही नसेल. पण यात काय नाही ते बघा. रणगाडे नाहीत, फौजा नाहीत, दुसऱ्या देशात घुसणं नाही. युरोपात लाल सेनेचं बळ पायदळ आणि रणगाड्यांत होतं, अमेरिकेचं बाँबमध्ये. आवाहनानं फक्त एकाच बाजूच्या हत्यारावर बोट ठेवलं. सह्यांची मोहीम ऐन भरात असताना, २५ जून १९५० रोजी, उत्तर कोरियाच्या फौजा दक्षिणेत घुसल्या. या चढाईला स्टालिननं आधी होकार दिला होता, हे पुढे मॉस्कोचे दप्तरखाने उघडल्यावर कागदोपत्री दिसलं. म्हणजे एका हातानं चढाईला परवानगी आणि दुसऱ्या हातानं जगभर शांततेच्या सह्या. आजोबा नेमक्या त्याच महिन्यांत चाळीचे जिने चढत होते.

जगभरातून सुमारे पन्नास कोटी सह्या झाल्याचा दावा केला गेला. त्यात सोव्हिएत संघातली जवळजवळ सगळी प्रौढ प्रजा होती, अकरा कोटींहून जास्त. जिथे सही नाकारायची सोय नाही तिथल्या सहीला काय म्हणायचं? पूर्व जर्मनीत यहोवाचे साक्षीदार या पंथाचे लोक बंदूक हातात धरत नाहीत, कुठल्याच सैन्यात जात नाहीत. हिटलरनं त्यांना छळछावण्यांत टाकलं होतं. त्यांनी या राजकीय मोहिमेपासूनही लांब राहायचं ठरवलं. त्याच वर्षी ऑगस्टअखेर त्यांच्यावर बंदी आली आणि माणसं पुन्हा तुरुंगात गेली.

नोव्हेंबर १९५० मध्ये दुसरी परिषद इंग्लंडात शेफिल्डला भरायची होती. ब्रिटिश सरकारनं बहुतेक पाहुण्यांना प्रवेश नाकारला. हा शुद्ध मूर्खपणा होता, कारण त्यामुळे परिषद वॉर्साला हलली आणि तिथे विश्व शांतता परिषद या संस्थेचा जन्म झाला. अध्यक्ष फ्रेदेरिक जोलिओ-क्युरी, नोबेल मिळालेले शास्त्रज्ञ आणि फ्रेंच कम्युनिस्ट. पुढची चाळीस वर्षं ही संस्था काय करत राहिली याचा हिशोब सोपा आहे. अमेरिकेच्या प्रत्येक युद्धाचा निषेध तिनं केला. व्हिएतनामबाबतचा निषेध रास्तच होता, आजही मी तसाच म्हणेन. पण डिसेंबर १९७९ मध्ये सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात शिरल्या तेव्हा तिनं त्या कृतीची पाठराखण केली. आणि हे सांगताना मला वाईट वाटतं, की तेव्हा तिचे अध्यक्ष भारतीय होते. रमेश चंद्र. १९७७ पासून पुढे बारा-तेरा वर्षं ते अध्यक्ष होते. २०१६ साली मुंबईतच वारले.

पैसा कुठून यायचा? १९८९ मध्ये, ग्लासनोस्तच्या, म्हणजे सोव्हिएत संघातल्या नव्या मोकळेपणाच्या दिवसांत, परिषदेनं स्वतःच कबूल केलं की आपला सुमारे ९० टक्के निधी सोव्हिएत संघातून येतो. तिथे सोव्हिएत शांतता निधी नावाची यंत्रणा होती. कारखान्यातले, शेतांवरचे लोक एका दिवसाचा पगार त्यात देत. त्यांनी आनंदानं दिला की द्यावाच लागला, हे ज्याचं त्याला माहीत. दुसऱ्या महायुद्धात दोन कोटींहून जास्त माणसं गमावलेला तो देश. तिथल्या म्हातारीनं शांततेसाठी दिलेला रुबल खरा होता. तो कुणाच्या अफगाण धोरणाच्या भाषणांवर खर्च झाला, हे तिला कधी कळलं नसेल.

मला सगळ्यात जास्त लागतं ते मात्र जपानचं. १ मार्च १९५४ रोजी अमेरिकेनं बिकिनी बेटावर हायड्रोजन बाँबची चाचणी केली आणि त्याची राख एका जपानी मासेमारी बोटीवरच्या २३ खलाशांवर पडली. टोकियोच्या सुगिनामी भागातल्या बायकांनी सह्या घ्यायला सुरुवात केली. मासळी विकणारे, घर चालवणाऱ्या बाया. वर्ष-दीड वर्षात तीन कोटींवर सह्या झाल्या. हे कुठल्या सरकारानं ठरवलेलं नव्हतं. त्यातून १९५५ मध्ये अणुबाँबविरोधी राष्ट्रीय संघटना उभी राहिली. मग १९६१ मध्ये सोव्हिएत संघानं थांबवलेल्या चाचण्या पुन्हा सुरू केल्या. ३० ऑक्टोबरला इतिहासातला सर्वांत मोठा स्फोट केला, ५० मेगाटनांचा. आता संघटनेत साधा प्रश्न आला: आपण 'कोणत्याही देशाच्या' चाचण्यांना विरोध करायचा की नाही? समाजवादी म्हणाले, करायचा. कम्युनिस्ट म्हणाले, समाजवादी देशाचा बाँब स्वसंरक्षणाचा आहे. १९६३ मध्ये हिरोशिमातच, जिथे माणसं जळून मेली तिथेच, या दोन शब्दांवरून चळवळ फुटली. १९६५ पर्यंत दोन वेगळ्या संघटना झाल्या. ज्यांच्या अंगावर किरणोत्सर्गाच्या खुणा होत्या त्यांना विचारलं जात होतं की तुम्ही कुठल्या बाजूचे.

'कोणत्याही देशाच्या' हे दोन शब्द मी तेव्हापासून खिशात घालून फिरतो. शांततेची कुठलीही संस्था समोर आली की मी एवढंच बघतो, की ती आपल्या आश्रयदात्याच्या बंदुकीबद्दल काय बोलते.

आणि आता ती गोष्ट, जिच्यासाठी खरं तर हे सगळं लिहायला बसलो. सोव्हिएत शिल्पकार येव्गेनी वुचेतिच यानं एक पुतळा केला होता. एक माणूस हातोड्यानं तलवार ठोकून तिचा नांगराचा फाळ करतोय. कल्पना बायबलातली, मीखाच्या पुस्तकातली. सोव्हिएत सरकारनं १९५९ मध्ये हा पुतळा संयुक्त राष्ट्रसंघाला भेट दिला. तो अजून न्यूयॉर्कला उभा आहे. १९८० मध्ये पूर्व जर्मनीतल्या चर्चमधल्या तरुणांनी हेच चित्र घेतलं, भोवती 'तलवारींचे फाळ' असे शब्द घातले आणि एक गोल बिल्ला केला. कागदावर काही छापायचं तर सरकारी परवाना लागे, म्हणून त्यांनी तो कापडावर छापला. कापडावरचं काम छपाईत मोडत नसे. असे लाखभर बिल्ले वाटले गेले. पोरापोरींनी जॅकेटच्या बाहीवर शिवले.

तिथल्या शाळांत १९७८ पासून लष्करी शिक्षण सक्तीचं झालं होतं. सरकारची घोषणा होती, शांतता सशस्त्रच असली पाहिजे. सरकारची स्वतःची शांतता समिती होती, मिरवणुका होत्या, कबुतरं होती. आणि तरी १९८२ मध्ये पोलीस रस्त्यात पोरांना अडवून बाहीवरचा तो बिल्ला कापून काढत होते. शाळेतून काढून टाकायची, कॉलेजात प्रवेश न देण्याची धमकी देत होते. मित्रराष्ट्र सोव्हिएत संघानं जगाला भेट दिलेल्या पुतळ्याचं चित्र होतं ते! काही मुलांनी कापलेल्या जागी तसंच गोल भोक ठेवलं. काहींनी तिथे कोरं पांढरं कापड शिवलं.

त्याच वर्षी बेर्बेल बोलाय, उलरिके पोपे आणि इतर बायकांनी, युद्धकाळात बायकांनाही सैन्यात घेण्याच्या नव्या कायद्याविरुद्ध आवाज उठवला. डिसेंबर १९८३ मध्ये दोघींना गुप्त पोलिसांनी तुरुंगात टाकलं. त्याच्या दीड वर्ष आधी, जून १९८२ मध्ये, मॉस्कोत सेर्गेई बातोव्रिन या तरुण चित्रकाराच्या घरी काही जणांनी सोव्हिएत संघ आणि अमेरिका यांच्यात विश्वास वाढवण्यासाठी एक गट काढला होता. त्यांच्या मागण्या वाचल्या तर डोळ्यांत पाणी येईल इतक्या साध्या. दोन्हीकडच्या सामान्य माणसांना भेटू द्या, बोलू द्या. ऑगस्टमध्ये बातोव्रिनला मनोरुग्णालयात डांबलं. सोव्हिएत शांतता समिती त्याच शहरात पाश्चात्त्य पाहुण्यांचं स्वागत करत होती. समितीचे अध्यक्ष युरी झुकोव्ह यांनी डिसेंबरात पश्चिमेतल्या शांतता कार्यकर्त्यांना पत्रं पाठवली. अण्वस्त्रस्पर्धेला दोन्ही बाजू जबाबदार आहेत असं म्हणणाऱ्यांवर त्यात टीका होती.

म्हणून 'परराष्ट्र धोरणाचं हत्यार' असं नुसतं म्हटलं की मला अपुरं वाटतं. पाश्चात्त्य देशांना या समित्यांनी किती फसवलं यावर वाद होईल. ऐंशीच्या दशकात युरोपात रस्त्यावर उतरलेले लाखो लोक मॉस्कोच्या सांगण्यावरून उतरले, असं मी मुळीच मानत नाही. त्यांच्या अंगणात क्षेपणास्त्रं येत होती, त्यांना भीती वाटत होती. त्यांच्यातल्याच अनेकांनी पूर्वेकडच्या त्या पोरांची बाजू घेतली. सगळ्यात मोठं नुकसान झालं ते या समित्यांच्या स्वतःच्या देशांतल्या माणसांचं. त्यांच्याकडून एक शब्द हिरावून घेतला गेला. प्राग किंवा मॉस्कोतल्या माणसाला 'शांतता' हा शब्द ऐकला की कंटाळा यायचा, सक्तीची मिरवणूक आठवायची.

दुसऱ्या बाजूचंही सांगतो. १९५० मध्ये बर्लिनला सांस्कृतिक स्वातंत्र्यासाठी लेखक-विचारवंतांची जी काँग्रेस निघाली, तिच्यामागे अमेरिकेच्या गुप्तचर संस्थेचा, सीआयएचा पैसा होता हे १९६६-६७ मध्ये उघड झालं. तिची भारतीय शाखा आपल्या मुंबईतच १९५१ मध्ये सुरू झाली होती. तिथेही प्रामाणिक लेखक होते आणि पैसा कुठून येतो हे त्यांच्यातल्या बहुतेकांना माहीत नव्हतं. त्यांच्याबद्दलही मला तेच वाटतं जे आजोबांबद्दल वाटतं. पण तिथली बातमी तिथल्याच वर्तमानपत्रांनी फोडली.

आपल्याकडची मोठी माणसं या शांतता चळवळीत होती. गणिती आणि इतिहासकार दामोदर कोसंबी विश्व शांतता परिषदेचे सदस्य होते. ते कुणाची री ओढणाऱ्यांपैकी नव्हते. पक्षाच्या अधिकृत मार्क्सवाद्यांवर त्यांनी कडक टीका केली आणि अणुऊर्जेऐवजी सूर्याच्या ऊर्जेचा आग्रह धरला. आमच्या परळच्याच हाफकिन संस्थेचे माजी संचालक साहिबसिंग सोखे यांना १९५३ चा स्टालिन शांतता पुरस्कार मिळाला. या माणसांना एजंट म्हणणाऱ्याशी मी भांडेन. पण त्या पुरस्कारावर कुणाचं नाव होतं हे विसरा म्हणणाऱ्याशीही भांडेन.

आजोबांना मी हे कधी बोललो नाही. ते गेले तेव्हा मी कॉलेजात होतो आणि यातलं काही वाचलेलं नव्हतं. एकदाच त्यांनी आपणहून एक गोष्ट सांगितली होती. सह्या घेताना एका खोलीतल्या बाईनं त्यांना विचारलं, "भाऊ, रशियाकडं पण हाय ना तो बाँब? मग त्यो बी मोडतील का?" आजोबांनी तिला सांगितलं, हो, मोडतील, सगळेच मोडतील. तिनं अंगठा दिला. ते म्हणाले, "मला खरंच तसं वाटत होतं."

त्यांच्या पेटीत त्या आवाहनाचा एक कोरा कागद होता. चाळ पाडली तेव्हाच्या गडबडीत तो गेला. गिरणगावात १९५०-५१ मध्ये या सह्या घेतलेल्या कुणाच्या घरी तो मराठी छापील कागद अजून असेल, तर कृपया फोटो काढून मला पाठवा. त्यात 'कोणतंही सरकार' हे शब्द मराठीत कसे छापले होते, ते मला बघायचंय.